परत केलेला डबा

त्या गावात तूप तोललं जायचं काट्यावर, पण चालायचं एका माणसाच्या नाकावर.

दूध संघाची खरेदीची शेड बाजाराच्या टोकाला होती. वर पत्रा, खाली तुपाने काळी पडलेली फरशी, दाराशी एक लाकडी बाक. त्या बाकावर हा माणूस बावीस वर्षं बसत आला होता. सगळे त्याला पारखी म्हणत. डबा आला की तो झाकण काढायचा, लांब सळई तळापर्यंत घालायचा, सळईला लागलेलं तूप मनगटावर चोळायचा आणि मनगट नाकाशी न्यायचा. डोळे मिटायचे. मग 'चालेल' किंवा 'परत'. याच्या पलीकडे एक शब्द नाही. लोणी शिळं असो, कढ जास्त झालेला असो, कुणी स्वस्तातलं तेल मिसळलेलं असो, त्याच्या नाकातून सुटायचं नाही. एकदा एका बाईचा डबा उघडून तो म्हणाला होता, "लोणी काढलं त्या दिवशी घरात कांदा चिरला होता ना?" बाई तोंडाला पदर लावून हसली होती. ही गोष्ट लोक अजून सांगायचे.

हे नाक त्याला अक्काने दिलं होतं. अक्का म्हणजे त्याची थोरली बहीण. आई गेली तेव्हा अक्का चौदाची आणि हा सहाचा. ती चुलीवर लोणी कढवायची आणि याला शेजारी बसवून विचारायची, "आता कशाचा वास येतोय? आणि आता? बदलला की नाही?" बदलला हे बरोबर सांगितलं की बोटभर बेरी मिळायची. पुढे ती त्याच गावात, दोन गल्ल्या पलीकडे नांदायला गेली. नवरा लवकर गेला, मूलबाळ नव्हतं. एक म्हैस आणि दहा-बारा घरांतून विकत घेतलेली साय, एवढ्यावर तिने स्वतःचं पोट चालवलं आणि नावही कमावलं. शहरातला एक मिठाईवाला दर महिन्याला तिच्याकडून दोन डबे न्यायचा आणि बाकीचं तूप संघात यायचं. भाऊ ते उघडायचा, वास घ्यायचा आणि म्हणायचा, "चालेल." बावीस वर्षांत दुसरा शब्द नाही.

गेल्या वर्षी तुपाला कुणी विचारत नव्हतं. देशभरातल्या डेअऱ्यांच्या गोदामांत दुधाची पावडर आणि लोणी पडून होतं. दुधाचा भाव असा कोसळला की लोकांनी जनावरं मिळेल त्या किमतीला विकून टाकली. यंदा सगळं उलटं झालं. ऊन लवकर तापलं, दूध निम्म्यावर आलं. गोदामं रिकामी झाली आणि मोठमोठ्या डेअऱ्या गावोगाव लोणी-तूप शोधत फिरायला लागल्या. संघाच्या फळ्यावर दर सोमवारी नवा भाव चढायचा. ज्यांनी गुरं विकली होती ते फळ्यासमोर उभे राहून हात चोळायचे. आणि जिथे भाव चढतो तिथे भेसळही येते, हे पारख्याला कुणी सांगायला नको होतं.

नेमकं त्याच वर्षी त्याचं नाक गेलं.

थंडीत त्याला ताप आला. बारा दिवस अंथरुणात होता. उठला तेव्हा सगळं ठीक वाटत होतं. एका सकाळी तो चुलीपाशी हात शेकत बसला असताना त्याची बायको अंगणातून धावत आली.

"अहो, दूध करपलं! घरभर वास सुटलाय आणि तुम्ही बसलाय काय नुसते!"

त्याने पातेल्यात पाहिलं. तळ काळा पडला होता. "लक्ष नव्हतं," तो म्हणाला.

बायको वळल्यावर त्याने पातेल्यात नाक घातलं. वाफ लागली, वास नाही. कोपऱ्यातला रॉकेलचा डबा उघडला. डोळ्यांत चुरचुरलं, पण वास नाही. लसणाची पाकळी चुरडली, स्वतःचा घामेजलेला सदरा तोंडावर धरला. काही नाही. एखाद्या ओळखीच्या घराला कुलूप दिसावं तसं झालं. येईल परत, तो स्वतःला म्हणाला. सर्दीत बसतंच नाक.

ते परत आलं नाही. तो मात्र बाकावर जाऊन बसला.

पहिले काही दिवस त्याने डोळ्यांवर निभावलं. रंग, कण, मनगटावर तूप किती वेळात विरघळतं ते. मग त्याने एक युक्ती शोधली. समोर काट्यावर एक माणूस असायचा, डबे उचलायचा, तोलायचा. झाकण निघालं की पारखी त्याच्याकडे बघायचा. काटेवाल्याच्या नाकपुड्या आकसल्या की 'परत', नाहीतर 'चालेल'. बावीस वर्षं ज्याच्या नाकाचा दबदबा, तो आता दुसऱ्याच्या नाकाकडे डोळे लावून बसला होता. काटेवाल्याला याची गंधवार्ता नव्हती. त्याला वाटायचं, हल्ली पारखी आपल्याकडे फार बघतात, बहुतेक काही चुकतंय. तो बिचारा जास्तच ताठ उभा राहायला लागला.

उन्हाळ्याच्या तोंडाशी शहरातून ट्रक परत आला. तीन डब्यांत तेल निघालं होतं. संघाचे साहेब स्वतः शेडमध्ये आले. भला माणूस, आवाज चढवायचा नाही.

"पारखी, तपासणीचा कागद शहरातून यायला आठ दिवस लागतात," ते म्हणाले. "तोवर आपण तुमच्या नाकावर ट्रक भरतो. अजून एकदा असं झालं, तर डेअरी आपल्याकडून घेणं बंद करेल. मग या सगळ्या बायांनी तूप न्यायचं कुठे?"

सांगून टाकायची हीच वेळ होती. तोंड उघडलंही होतं. पण बाहेर निघालं ते वेगळंच. "आता कडक बघतो साहेब."

साहेब गेल्यावर रांगेतली गिरणीवाली बाई मोठ्याने म्हणाली, "कडक म्हणजे सगळ्यांना कडक ना? का घरच्यांना सवलत?" चार जण हसले. घरच्यांना म्हणजे कुणाला, हे विचारायची गरज नव्हती.

दुसऱ्या दिवशी अक्का आली. डोक्यावर चुंबळ, चुंबळीवर डबा. ऊन मी म्हणत होतं. तिने डबा उतरवला, पदराने मान पुसली आणि बाजूला उभी राहिली. पारख्याने झाकण काढलं. तूप नेहमीपेक्षा पिवळं दिसत होतं. म्हशीचं दूध आटल्यामुळे तिने गाईच्या सायीवर भर दिली असणार, हे त्याला समजायला हवं होतं. समजलंही असेल. त्याने काटेवाल्याकडे पाहिलं. काटेवाला नेमका पाठमोरा, वजनं पुसत होता. गिरणीवालीने मान उंच केली. रांगेतल्या सगळ्या नजरा त्याच्या मनगटावर येऊन बसल्या.

त्याने मनगट नाकाशी नेलं. डोळे मिटले. आत नुसता काळोख.

"परत," तो म्हणाला.

अक्काने त्याच्याकडे पाहिलं. "नीट बघितलंस?"

"बघितलं."

"पुन्हा एकदा बघ."

"रांग मोठी आहे, अक्का."

नियमाप्रमाणे त्याने डब्यावर लाल खडूने फुली मारली. फुलीची एक रेघ वाकडी गेली. अक्काने वाकून चुंबळ उचलली. डबा डोक्यावर चढवायला दोन माणसं लागतात. एरवी काटेवाला पुढे व्हायचा, आज तो जागचा हलला नाही. तिने डबा गुडघ्यावर घेतला, मग छातीशी आणि एका हिसक्यात डोक्यावर. बाजाराच्या भर गर्दीतून ती तो लाल फुलीचा डबा घेऊन घरी गेली.

संध्याकाळी पारखी घरी आला तर बायकोने ताट वाढलं आणि पाठ फिरवून बसली.

"झालंय काय?" त्याने विचारलं.

"तुम्हाला वास येत नाही," ती म्हणाली. "थंडीपासून येत नाही. मला काय डोळे नाहीत? फोडणी करपली, मसाला कमी-जास्त झाला तरी बोलत नाही तुम्ही. मी गप्प बसले. म्हटलं, सांगतील तेव्हा सांगतील."

त्याने घास खाली ठेवला.

"पण अक्कांचं तूप ओळखायला नाक कशाला हवं होतं?" ती म्हणाली. "पन्नास वर्षं ओळखता ना त्यांना?"

त्याने पाण्याचा तांब्या उचलला आणि पाणी न पिताच उठला.

पुढचं सगळं फार भराभर झालं. अक्काच्या डब्यावर फुली पडली ही बातमी तिच्या आधी गल्लीत पोहोचली होती. सख्ख्या भावाने परत केला म्हणजे केवढं मिसळलं असेल, असं ज्याच्या त्याच्या तोंडी झालं. साय देणाऱ्या घरांनी एकेक करून हात आखडता घेतला. कुणाच्या घरी पाहुणे, कुणाच्या गाईला ताप. मिठाईवाल्याने निरोप धाडला की या महिन्यात राहू द्या. अक्का कुणाशी भांडली नाही. तिने चूल सारवली, मोठी कढई पालथी घातली आणि म्हशीचं होतं तेवढं दूध कॅनमध्ये घालून संघाच्या दूध टाकीपाशी रांगेत उभी राहायला लागली. दूध टाकी शेडच्या समोरच होती. पारख्याला बाकावरून ती दिसायची. ती याच्याकडे बघायची नाही. एकदा टाकीवरचा कारकून तिच्यावर ओरडला, "अहो बाई, नव्या माणसाने मागे उभं राहायचं!" तेव्हा ती निमूट मागे गेली. ज्या रांगेत तिला नवी म्हटलं, त्या रांगेतल्या निम्म्या बायांना लोणी काढायला तिनेच शिकवलं होतं.

तो रोज ठरवायचा, आज जाऊन सांगू. रोज तिच्या गल्लीच्या तोंडापर्यंत जायचा आणि तिथून वळायचा. सांगायचं काय? परत म्हणालो ते तूप वाईट होतं म्हणून नाही, लोक बघत होते म्हणून? घरी जेवण बेचव लागायचं ते नुसतं नाक गेल्यामुळे नव्हे, हे त्याला कळत होतं.

महिन्याभराने हळूशेठ आला. हा तुपाचा व्यापारी. नेहमी कानात बोलल्यासारखा बोलायचा म्हणून त्याचं हे नाव. त्याच्या हातगाडीवर दोन डबे होते. पारख्याने नेहमीप्रमाणे सगळं केलं. काटेवाल्याला सर्दी झालेली, त्याच्या तोंडावर फडकं. रंग बरा होता, कण बरा होता.

"चालेल," तो म्हणाला. "दोन्ही चालतील."

दुपारी शेड रिकामी झाल्यावर हळूशेठ बाकावर येऊन टेकला. खिशातून सुपारी काढली, कातरली, पुढे केली.

"यातला एक डबा ओळखलात का पारखी?"

"का?"

"तुमच्या अक्कांचा. तुम्ही फुली मारलीत तोच. मी अर्ध्या भावात उचलला. तूप तेच, नुसता डबा बदलला." त्याने सुपारी तोंडात टाकली. "काय तूप आहे हो! असं तूप मी अख्ख्या बाजारात बघितलं नाही. आणि दुसऱ्या डब्यात निम्मं तेल आहे."

पारख्याने वळून त्या दोन डब्यांकडे पाहिलं.

"मला संशय होताच. म्हटलं, बघावं," हळूशेठ म्हणाला. "घाबरू नका. माझ्या तोंडून एक अक्षर बाहेर पडणार नाही. दर सोमवारी माझे डबे येतील. तुम्ही आपलं म्हणायचं ते म्हणा. तुमचंही चाललंय, माझंही चालू दे."

आणि चाललं. पुढच्या सोमवारी बारा डबे आले. पारख्याने बारा वेळा मनगट नाकाशी नेलं आणि बारा वेळा 'चालेल' म्हणाला. शेवटच्या डब्याला काटेवाल्याने चक्क नाक मुरडलं आणि याच्याकडे चमकून पाहिलं. पारख्याने नजर चुकवली. ते तूप ट्रकमध्ये चढलं, शहरात गेलं. कुणीतरी ते लहान मुलाच्या भातावर घालेल, हा विचार त्याच्या डोक्यातून दिवसभर गेला नाही.

त्याच आठवड्यात अक्काने म्हैस विकली. तेवढ्या दुधावर वैरणीचा खर्चसुद्धा सुटत नव्हता. बायकोने त्याला हे भाकरी थापता थापता सांगितलं, वर न बघता. "गाडीत चढत नव्हती म्हणे ती. अक्काच मग आधी चढल्या. मग त्यांच्यामागून चढली."

पुढच्या सोमवारी हळूशेठचे तीस डबे आले. ट्रक लागलेला होता, साहेब स्वतः हजर होते, कारण भाव इतका चढला होता की प्रत्येक डबा मोलाचा. रांगेत बाया होत्या, गिरणीवाली होती. पारख्याने पहिल्या डब्यात सळई घातली. तूप मनगटावर चोळलं. समोर दूध टाकीची रांग दिसत होती. अक्काची जागा रिकामी होती. आता घालायला दूधच नव्हतं.

त्याने मनगट खाली घेतलं.

"साहेब," तो म्हणाला, "मला वास येत नाही."

साहेबांना वाटलं सर्दी झाली. "मग उद्या बघा. ट्रक थांबवू."

"उद्याही यायचा नाही. थंडीतल्या तापापासून नाही. चार महिने मी नुसतं नाटक करतोय. गेल्या सोमवारचे या शेठचे बारा डबे भेसळीचे होते. मला माहीत होतं. मी सोडले."

हळूशेठ पहिल्यांदाच मोठ्याने बोलला. म्हणाला की म्हाताऱ्याचं डोकं फिरलंय. पण काटेवाला पुढे आला, त्याने पहिल्या डब्यावर वाकून वास घेतला, तोंड वाकडं केलं आणि साहेबांकडे मान हलवली. बस, तेवढ्यावर झालं. साहेब आत जाऊन शहरात फोन करून आले. आधीचे डबे अजून गोदामातच होते. ते बाजूला काढायला सांगितलं. मग त्यांनी पारख्याच्या हातातली सळई घेतली. रागावले नाहीत, हेच त्याला जास्त लागलं.

"इतके दिवस?" एवढंच ते म्हणाले. "घरी जा आता."

तो घरी गेला नाही. आज तो गल्लीच्या तोंडाशी वळला नाही. अक्का ओट्यावर बसून रिकाम्या गोठ्यातलं दावं सोडवत होती. गाठ जुनी होती, सुटत नव्हती. त्याने उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. ताप, नाक, साहेब, हळूशेठ, आजचं. सांगून झाल्यावर छातीवरचा धोंडा उतरल्यासारखं त्याला वाटलं. तेही क्षणभरच.

अक्का गाठीवरून नजर न उचलता म्हणाली, "सगळ्यांसमोर सांगितलंस?"

"सगळ्यांसमोर."

"माझं नाव घेतलंस का त्यात?"

त्याने नाही अशी मान हलवली.

"तुला वास येत नाही, हे सांगितलंस. शेठचे डबे खोटे होते, हे सांगितलंस. माझा डबा खरा होता, हे कुठे सांगितलंस?"

"अक्का, मला..."

"नाक गेलं, त्याला तू काय करणार. कुणाचंही जाईल." आता तिने वर पाहिलं. "पण मी पुन्हा एकदा बघ म्हणाले होते. तू रांग मोठी आहे म्हणालास."

ती दावं तसंच टाकून आत गेली. दार लावलं नाही, पण ये असंही म्हणाली नाही.

सकाळी शेड उघडायच्या आधी पारखी तिथे जाऊन उभा राहिला. बाकावर नाही, दाराबाहेर, उन्हात. बाया डबे-कॅन घेऊन येत होत्या. तो प्रत्येकीसमोर जाऊन म्हणाला, "अक्काचा डबा मी परत केला, ते खोटं होतं. तूप चांगलं होतं. माझ्या मनाला माहीत होतं. तुम्ही सगळ्या बघत होता, म्हणून मी घाबरलो." पहिली हसली. दुसरी म्हणाली, "आता काय उपयोग? म्हैस तर गेली." तिसरीने ऐकून घेतलं आणि पुढे झाली. रांगेतली एक शिंपीण म्हणाली, "बावीस वर्षांत आमचे किती परत केलेस, तेही असेच का रे?" सांगत गेलं की सोपं होईल असं त्याला वाटलं होतं. दर वेळी शब्द तेवढेच जड निघत होते.

गिरणीवाली शेवटी आली. तिने ऐकलं आणि डोक्यावरचा डबा खाली ठेवला.

"त्या दिवशी मी बोलले होते," ती म्हणाली. "घरच्यांना सवलत का, म्हणून."

"तू बोललीस. परत मी म्हणालो."

तिने डब्याची कडी सरळ केली. मग म्हणाली, "माझ्याकडे तीन दिवसांची साय साठलीय. नेऊन देऊ?"

"मला नको विचारू. तिला विचार."

त्या दिवशी तिच्यासोबत आणखी दोघी गेल्या. बाकीच्या गेल्या नाहीत, आणि त्यांतल्या काही पुढेही कधी गेल्या नाहीत. पारखी मागून, चार पावलं अंतर ठेवून गेला. अक्काने ओट्यावरच तीनही भांडी उघडली. बोटाने साय उकरली, हुंगली. दोन भांडी आत घेतली. गिरणीवालीचं परत सरकवलं.

"आंबलीय. उन्हाळ्यात तीन दिवस ठेवतात का? उद्या ताजी आण."

गिरणीवालीने मुकाट्याने भांडं उचललं. "आणते अक्का," म्हणाली.

मग अक्काचं लक्ष अंगणात उभ्या असलेल्या भावाकडे गेलं. तिने त्याला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "उभा काय राहिलास? लाकडं फोड."

त्याने लाकडं फोडली. पाणी ओढलं. पालथी कढई सुलटी करून राखेने घासली. दोघींची साय ताजीच होती. अक्काने ती विरजली आणि दुसऱ्या दिवशी घुसळली. तो आला होताच. लोण्याचा गोळा कढईत पडला आणि चरचरायला लागला. अक्काने त्याच्या हातात उलथनं दिलं आणि ती मागच्या दाराने पाण्याचा हंडा घ्यायला गेली. तो चुलीपाशी एकटा बसला. फेस वर आला, मग बसायला लागला. चरचर कमी होत चालली. खाली बेरी तांबूस होत होती की काळपट, धुरात नीट दिसेना. त्याने सवयीने वाकून श्वास ओढला. वाफ लागली, बाकी काही नाही.

"झालं का रे?" बाहेरून अक्काने विचारलं.

हो म्हणणं सोपं होतं. बहुतेक झालंच होतं.

"मला कळत नाही, अक्का," तो म्हणाला. "तूच ये."

ती आली. हंडा दारातच ठेवून, ओल्या हातांनीच, तिने त्याला खांद्याने बाजूला सारलं आणि कढईवर वाकली.